शेरलॉक होम्सच्या मागचा डॉक्टर

कल्याणचे सार्वजनिक वाचनालय १८६४ मध्ये सुरू झाले, ठाण्याचे मराठी ग्रंथसंग्रहालय १८९३ मध्ये. डोंबिवलीपासून ठाण्यापर्यंतच्या वाचकाला रहस्यकथेची गोडी जुनीच आहे. बाबूराव अर्नाळकरांच्या झुंजार आणि काळापहाडने कित्येकांना वाचनाची सवय लावली, तर भालबा केळकरांनी शेरलॉक होम्सला मराठी बोलायला लावले. इंग्रजीत तर रहस्यकथा, गुन्हेकथा आणि हेरकथा लिहिणाऱ्यांचे जाडजूड कोशही निघाले. क्रिस स्टाइनब्रुनर आणि ऑटो पेन्झलर यांनी १९७६ मध्ये काढलेला ज्ञानकोश त्यांपैकी एक. सर आर्थर कॉनन डॉयल यांच्या नोंदीशिवाय असा कोश पुराच होऊ शकत नाही. मात्र साहित्याच्या कोशात भर असतो तो पुस्तकांवर. डॉयल पेशाने डॉक्टर होते, ही गोष्ट बहुधा ओझरती येते आणि मागे पडते. खरे तर त्यांचे वैद्यकीय आयुष्य बाजूला काढले, तर होम्सही उरत नाही.

डॉयल यांचा जन्म २२ मे १८५९ रोजी एडिंबरा येथे झाला. वडील चार्ल्स चित्रकार होते, पण दारूच्या आहारी गेले आणि त्यांची अखेरची वर्षे मनोरुग्णालयांत गेली. घराची ओढाताण आईने सोसली. घरात लवकर मिळवता मुलगा हवा होता. १८७६ मध्ये आर्थर एडिंबरा विद्यापीठात वैद्यकशास्त्र शिकू लागले. तेथे त्यांना शल्यचिकित्सक डॉ. जोसेफ बेल भेटले.

बेल यांची ख्याती निरीक्षणासाठी होती. बाह्यरुग्ण विभागात रुग्णांची नोंद करून त्यांना बेल यांच्यासमोर आणण्याचे काम डॉयल यांच्याकडे होते. एकदा साध्या कपड्यांतला एक रुग्ण आत आला. हा माणूस स्कॉटिश पलटणीत हुद्द्यावर होता, नुकताच सैन्यातून सुटला आहे आणि वेस्ट इंडिजमधल्या बार्बाडोस बेटावर राहिलेला आहे, असे बेल यांनी त्याला काही विचारण्याआधीच ओळखले. माणूस अदबशीर होता, तरी त्याने डोक्यावरची टोपी काढली नाही. म्हणजे सैन्यातली सवय अजून सुटलेली नव्हती. वागण्यात अधिकाराची झाक होती. आणि त्याला झाला होता हत्तीरोग. हा आजार ब्रिटनच्या थंड हवेतला नव्हे, उष्ण प्रदेशातल्या डासांच्या मुलखातला. त्यात चमत्कार काहीच नव्हता. प्रत्येक निष्कर्षाला एक दिसणारी खूण होती. होम्सची पद्धत ती हीच, आणि डॉयल यांनी हे ऋण कधी लपवले नाही.

विद्यार्थिदशेतच डॉयल यांनी एक धाडसी प्रयोग केला. मज्जातंतूंच्या वेदनेवर त्या काळी जेल्सेमियम या विषारी वनस्पतीचा अर्क दिला जाई. त्याचे नेमके किती प्रमाण माणूस सोसू शकतो, हे पाहण्यासाठी त्यांनी तो स्वतःच घेतला आणि मात्रा रोज वाढवत नेली. डोकेदुखी, अतिसार आणि मनाची मरगळ असह्य झाल्यावर ते थांबले. काय घेतले, किती घेतले, काय झाले याचा हिशेब त्यांनी ब्रिटिश मेडिकल जर्नलला कळवला आणि तो १८७९ मध्ये छापून आला. तेव्हा त्यांचे वय होते अवघे वीस. आजच्या नियमांत असा प्रयोग बसणार नाही आणि तो कोणी करूही नये. पण ऐकीव माहितीवर न विसंबता मोजून पाहायचे, हा त्यांचा स्वभाव त्यातून दिसतो.

पदवी १८८१ मध्ये मिळाली. त्याआधी व्हेल पकडणाऱ्या जहाजावर आणि नंतर पश्चिम आफ्रिकेला जाणाऱ्या बोटीवर त्यांनी डॉक्टरकी केली. १८८२ मध्ये पोर्ट्समथजवळच्या साउथसी येथे त्यांनी दवाखाना थाटला. रुग्ण कमी आणि वेळ भरपूर. त्या रिकाम्या वेळेत कथा लिहिल्या जाऊ लागल्या. १८८५ मध्ये मज्जारज्जूच्या एका आजारावर प्रबंध लिहून त्यांनी एम. डी. पदवी घेतली. पुढच्याच वर्षी अमेरिकेत फिलाडेल्फिया येथे एम. डी. झाल्या त्या आपल्या डॉ. आनंदीबाई जोशी, ३१ मार्च १८६५ रोजी कल्याणात जन्मलेल्या. दोघे एकाच काळातले डॉक्टर. आनंदीबाई मात्र २६ फेब्रुवारी १८८७ रोजी, वयाच्या एकविसाव्या वर्षी, क्षयाने गेल्या.

त्याच १८८७ सालच्या अखेरीस शेरलॉक होम्सची पहिली कादंबरी प्रसिद्ध झाली. तिचा निवेदक डॉ. वॉटसन हा सैन्यातला डॉक्टर मुंबई बंदरात उतरून अफगाण युद्धावर जातो, जखमी होतो आणि पेशावरच्या रुग्णालयात विषमज्वराने मरता मरता वाचतो. होम्स पहिल्यांदा दिसतो तोही रुग्णालयाच्या प्रयोगशाळेत, रक्ताचा डाग ओळखण्याची नवी चाचणी सापडल्याच्या आनंदात. ती चाचणी काल्पनिक होती, पण गरज खरी होती. डाग माणसाच्या रक्ताचा की जनावराच्या, हे खात्रीने सांगणारी पद्धत जर्मनीच्या पॉल उलेनहूट यांनी शोधली ती १९०१ मध्ये.

बर्लिनची फेरी

क्षयाचा जंतू रॉबर्ट कॉख यांनी १८८२ मध्ये शोधला होता. १८९० मध्ये त्यांनी बर्लिनला जाहीर केले की, या रोगाला आवर घालणारे द्रव्य आपल्या हाती आले आहे. युरोपभर एकच खळबळ उडाली. क्षयरोग्यांनी भरलेल्या गाड्या बर्लिनकडे निघाल्या. डॉयलही नोव्हेंबरमध्ये तिकडे धावले. कॉख यांची भेट झाली नाही, गाजलेल्या व्याख्यानाला प्रवेशही मिळाला नाही. एका अमेरिकन डॉक्टरने आपली टिपणे दाखवली आणि त्याच्याच मदतीने डॉयल यांना वॉर्डातले रुग्ण पाहता आले.

त्यांनी जे पाहिले ते उत्साहावर पाणी टाकणारे होते. ट्यूबरक्युलिन नावाचे हे द्रव्य जंतूला मारत नव्हते. रोगट भागात ते तीव्र प्रतिक्रिया उठवत होते, तेथील ऊती नष्ट होत होत्या, पण जंतू जिवंतच राहत होते. तेव्हा हे औषध नव्हे, रोग ओळखण्याचे साधन म्हणून मात्र ते उपयोगी पडेल, असा निष्कर्ष काढून डॉयल यांनी तो लंडनच्या वृत्तपत्रात आणि मासिकात मांडला. जगातला सर्वांत मानाचा जंतुशास्त्रज्ञ एका बाजूला आणि साउथसीचा साधा डॉक्टर दुसऱ्या बाजूला. काळाने कौल डॉक्टरच्या बाजूने दिला. ट्यूबरक्युलिनने क्षय बरा होत नाही. आणि त्याच द्रव्याचा शुद्ध केलेला प्रकार हाताच्या त्वचेत टोचून केलेली मॉन्टू चाचणी आजही रुग्णालयांत होते. ही चाचणी शरीराची जंतूशी गाठ पडली आहे का, एवढेच सुचवते. रोग सक्रिय आहे की नाही, हे ठरवायला थुंकीची तपासणी आणि एक्स-रे लागतात.

या फेरीत एका डॉक्टरने त्यांना नेत्रविकारात विशेष शिक्षण घेण्याचा सल्ला दिला. ते व्हिएन्नाला जाऊन आले आणि १८९१ मध्ये लंडनला नेत्रतज्ज्ञ म्हणून बसले. रुग्ण फिरकेनात. मे महिन्यात इन्फ्लुएंझाने ते इतके आजारी पडले की जिवावर बेतले. त्या आजारातून उठताना त्यांनी ठरवले, आता फक्त लेखन. जुलैपासून स्ट्रँड मासिकात होम्सच्या कथा सुरू झाल्या आणि डॉयल हे नाव घरोघरी पोचले.

क्षयाने त्यांचा पाठलाग सोडला नाही. १८९३ मध्ये पत्नी लुइझा हिला हा आजार असल्याचे निदान झाले. हाती काही महिनेच आहेत, असे डॉक्टरांचे मत पडले. औषध नव्हतेच. डॉयल यांनी तिला स्वित्झर्लंडमधील दाव्होसच्या डोंगरात नेले, इजिप्तच्या कोरड्या हवेत ठेवले, इंग्लंडमध्ये मोकळ्या हवेच्या ठिकाणी घर बांधले. लुइझा १९०६ पर्यंत जगली. निदानाच्या त्याच वर्षी, १८९३ च्या डिसेंबरात, त्यांनी होम्सला कथेत मारून टाकले. वाचक भडकले. पुढे त्याला परत आणावे लागले, ती गोष्ट वेगळी.

विषमज्वराची छावणी

१९०० मध्ये दक्षिण आफ्रिकेतील बोअर युद्धात डॉयल स्वखुशीने एका खासगी इस्पितळाबरोबर गेले. ब्लूमफाँटेन शहराचा पाणीपुरवठा शत्रूने तोडला होता. सैनिक मिळेल ते घाण पाणी पीत होते. विषमज्वराची साथ पसरली. क्रिकेटच्या मैदानावरील इमारतीत थाटलेला वॉर्ड रुग्णांनी ओसंडून गेला. या युद्धात गोळीपेक्षा रोगाने अधिक ब्रिटिश सैनिक मेले. विषमज्वराची लस तेव्हा नवी होती आणि ती घेणे सैनिकांच्या मर्जीवर सोडले होते. तिची प्रतिक्रिया त्रासदायक म्हणून अनेकांनी नाकारली. डॉयल यांनी स्वतः जहाजावरच लस घेतली होती. ती सक्तीची नसणे ही युद्धातली मोठी चूक होती, असे मत त्यांनी नंतर उघडपणे मांडले.

हा विषय ठाणे जिल्ह्याला परका नाही. दूषित पाणी आणि विषमज्वर यांचे नाते इथल्या प्रत्येक डॉक्टरला ठाऊक आहे. नव्या प्रकारची विषमज्वर लस सार्वजनिक मोहिमेतून मुलांना देण्याचे काम २०१८ मध्ये नवी मुंबई महापालिकेने हाती घेतले, तेव्हा देशात तो पहिलाच प्रयत्न होता. लस आणि स्वच्छ पाणी, दोन्ही लागतात. ब्लूमफाँटेनला दोन्ही कमी पडले.

मुंबईच्या पारशाचा मुलगा

डॉयल यांची नेत्रतज्ज्ञ म्हणून खरी कामगिरी दवाखाना बंद झाल्यावर पंधरा वर्षांनी झाली. शापुरजी एदलजी हे मूळचे मुंबईचे पारशी. ख्रिस्ती होऊन ते इंग्लंडमधील ग्रेट वर्ली या खेड्यात पाद्री झाले. त्यांचा मुलगा जॉर्ज बर्मिंगहॅममध्ये वकिली करी. १९०३ मध्ये त्या भागात रात्री शेतांत शिरून घोडे-गुरांना भोसकण्याचे प्रकार घडले. निनावी पत्रे आली, संशय वर्णाने वेगळ्या दिसणाऱ्या या कुटुंबावर गेला आणि जॉर्जला सात वर्षांची शिक्षा झाली. तीन वर्षांनी त्याला सोडले, पण निर्दोष ठरवले नाही. वकिलीची सनद गेली होती.

१९०७ च्या सुरुवातीला डॉयल त्याला भेटायला एका हॉटेलात गेले. जॉर्ज वाट पाहत वर्तमानपत्र वाचत होता. कागद डोळ्यांच्या अगदी जवळ आणि किंचित तिरका धरलेला होता. डॉयल यांना तेवढे पुरले. या माणसाला फार मोठा लघुदृष्टिदोष आहे आणि जोडीला दृष्टिवैषम्यही आहे. तज्ज्ञाकडून तपासणी करून घेतली, तेव्हा चष्म्याचा नंबर दोन्ही डोळ्यांना उणे आठच्या पुढे निघाला. असा माणूस पावसाळी काळोख्या रात्री शेते, कुंपणे आणि रेल्वेचे रूळ ओलांडत जाऊन जनावराला नेमका वार करील, हे पटण्यासारखे नव्हते. खटल्यात हा मुद्दा कोणी पुढे आणलाच नव्हता. डॉयल यांच्या लेखांनी सरकारला चौकशी करावी लागली. जॉर्जला माफी मिळाली, सनद परत मिळाली. नुकसानभरपाई मात्र मिळाली नाही. त्याच वर्षी इंग्लंडमध्ये फौजदारी अपिलाचे न्यायालय स्थापन झाले, त्यामागे या प्रकरणाचाही वाटा होता.

पालकांना यातून घेण्यासारखे आहे. मूल पुस्तक नाकाशी धरत असेल, मान तिरकी करून किंवा डोळे बारीक करून फळा पाहत असेल, तर त्याला रागावण्याआधी त्याचे डोळे तपासावेत.

श्रद्धेचा आंधळा ठिपका

येथपर्यंतचे डॉयल पाहिले की पुढचे डॉयल कोड्यात टाकतात. मृतांशी संवाद साधता येतो, यावर त्यांचा विश्वास होता आणि १९१६ पासून ते उघडपणे त्याचा प्रचार करू लागले. युद्धात जखमी झालेला मुलगा किंग्जली १९१८ च्या साथीच्या काळात न्यूमोनियाने गेला, काही महिन्यांत भाऊही गेला. विश्वास अधिकच घट्ट झाला. १९२० मध्ये कॉटिंग्ली गावच्या दोन मुलींनी काढलेली पऱ्यांची छायाचित्रे त्यांनी खरी मानली आणि त्यावर पुस्तकही लिहिले. चित्रे कागदातून कापून टाचण्यांनी उभी केलेल्या आकृतींची होती. त्या दोघींनी ही कबुली दिली ती १९८३ मध्ये, म्हातारपणी. ७ जुलै १९३० रोजी हृदयविकाराने निधन होईपर्यंत डॉयल आपल्या मतावरून हलले नाहीत.

बर्लिनमध्ये कॉखसारख्याच्या दाव्याला त्यांनी एकच प्रश्न विचारला होता: जंतू मरतो का? कॉटिंग्लीच्या चित्रांना तितकाच साधा प्रश्न त्यांनी विचारला नाही, कारण उत्तर काय यावे हे त्यांनी आधीच ठरवले होते. बुद्धी तीच होती, डोळे तेच होते. दुःख आणि इच्छा आड आली. मोबाइलवर आलेला मधुमेहाचा हमखास काढा असो की कर्करोगावरचा गुप्त उपाय, घरात आजारी माणूस असला की शहाणी माणसेही त्यावर विश्वास ठेवू लागतात, ती याच कारणाने. अशा वेळी वॉर्डात उभ्या असलेल्या १८९० च्या डॉयल यांची आठवण ठेवावी. कोणी सांगितले यापेक्षा कोणावर तपासून पाहिले, किती जणांवर आणि काय झाले, हे डॉक्टरांना विचारावे. आणि उत्तर मनाविरुद्ध आले तरी ते ऐकून घ्यावे.