संगीतकार भास्कर चंदावरकर

आम्ही सुरतच्या डिंडोलीत राहणारी मराठी मुले. घरात मराठी, बाजारात गुजराती आणि थिएटरात हिंदी! त्यामुळे संगीतकार म्हणजे गाजलेली गाणी देणारा, एवढेच मला ठाऊक. शिवाय मराठी माध्यमात शिकलेल्याची धाव मराठी मुलखापुरतीच, अशी मनात एक धास्ती. भास्कर चंदावरकर यांचे जीवन वाचले आणि या दोन्ही समजुती डळमळल्या.

चंदावरकरांचा जन्म १९३६ सालचा. त्यांनी पंडित रविशंकर यांच्याकडे सतारीचे शिक्षण घेतले आणि पुढे पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये अनेक वर्षे संगीत शिकवले. १९७२ साली 'घाशीराम कोतवाल' रंगमंचावर आले. कीर्तन, अभंग, लावणी अशा आपल्याच मातीतल्या प्रकारांतून उभे राहिलेले त्याचे संगीत त्यांचेच.

याच सुमारास बड्या निर्मात्यांच्या पाठबळाशिवाय निघणाऱ्या चित्रपटांची एक वेगळी वाट तयार होत होती. कुमार शहानींचा 'माया दर्पण', जब्बार पटेलांचा 'सामना', मृणाल सेन यांचा 'खंडहर' हे त्या वाटेवरचे चित्रपट, आणि तिन्हींचे संगीतकार चंदावरकर! अशा चित्रपटांचे भांडवल तुटपुंजे. वाद्यांचा मोठा ताफा परवडत नाही, गाण्यांच्या तबकड्या खपतील याचीही शाश्वती नाही. तिथे संगीताने प्रसंगाला साथ द्यायची आणि गरज नसेल तिथे गप्प राहायचे असते.

आपल्या अंकाच्या कन्नड विभागातील मित्रांना तर ते अधिकच जवळचे वाटावेत. भैरप्पांच्या कादंबरीवरील 'वंशवृक्ष', तसेच 'तब्बलियु नीनादे मगने' आणि 'ओंदानोंदु कालदल्ली' या कन्नड चित्रपटांनाही त्यांचेच संगीत आहे. पुण्यात राहून त्यांनी हिंदी, मराठी, कन्नड, मल्याळम अशा भाषांत काम केले.

'श्वास' या छोट्या मराठी चित्रपटाचे संगीतही त्यांचेच. २००४ साली त्याला सुवर्णकमळ जाहीर झाले. 'श्यामची आई'नंतर तब्बल पन्नास वर्षांनी मराठीला मिळालेला हा मान! २००९ साली चंदावरकरांचे निधन झाले.

वाणिज्य शाखेच्या विद्यार्थ्याला प्रत्येक गोष्टीचा जमाखर्च मांडायची सवय असते. चंदावरकरांच्या खात्यावर घरोघरी गुणगुणली जाणारी गाणी फारशी सापडणार नाहीत. पण आपली भाषा न सोडता दुसऱ्याच्या भाषेत आपलेपणाने वावरता येते, ही जमेची बाजू केवढी मोठी! डिंडोलीच्या मुलाला तरी ती आयुष्यभर पुरेल.