दुर्गाबाई खोटे

सन १९१३ मध्ये दादासाहेब फाळके यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ हा मूकपट तयार केला. हरिश्चंद्राची राणी तारामती हिची भूमिका करण्यासाठी त्यांनी पुष्कळ शोध केला. परंतु कॅमेऱ्यापुढे उभी राहावयास एकही स्त्री तयार होईना. अखेर उपाहारगृहात काम करणाऱ्या अण्णा साळुंके नावाच्या तरुणाला स्त्रीवेष देऊन त्यांना आपली तारामती उभी करावी लागली. पुढे १९ वर्षांनी तीच कथा मराठी बोलपटाच्या रूपाने पडद्यावर आली. या वेळी तारामती झाली होती एका प्रतिष्ठित घराण्यातील सुशिक्षित स्नुषा, दोन मुलांची आई. त्यांचे नाव दुर्गाबाई खोटे.

दुर्गाबाईंचा जन्म १४ जानेवारी १९०५ रोजी मुंबईत झाला. त्यांचे माहेरचे नाव विठा लाड. वडील नामांकित सॉलिसिटर होते. घरी सुबत्ता होती, माणसांची वर्दळ होती आणि विद्येविषयी आदर होता. ज्या काळी पुष्कळ मुलींना अक्षरओळखही होत नसे, त्या काळी विठाला मुंबईच्या कॅथेड्रल शाळेत घालण्यात आले. पुढे त्यांनी सेंट झेवियर महाविद्यालयात प्रवेश घेतला. शिक्षण चालू असतानाच विश्वनाथ खोटे या अभियंत्याशी त्यांचा विवाह झाला. शिक्षण अपुरे राहिले. पण सासरही तितकेच श्रीमंत होते. बकुळ आणि हरिन हे दोन पुत्र झाले. आयुष्याची वाट अशीच सुखाची जाईल, असे कोणालाही वाटले असते.

परंतु दैव पालटले. घरावर मोठे आर्थिक संकट कोसळले. वैभव ओसरले, आणि पदरी दोन लहान मुले असलेल्या दुर्गाबाईंपुढे चरितार्थाचा प्रश्न उभा राहिला. दुसऱ्याच्या आधाराने दिवस कंठावे, हे त्यांच्या मानी स्वभावाला रुचेना. त्यांनी घरगुती शिकवण्या सुरू केल्या. मिळकत तुटपुंजी होती. पण ती स्वतःच्या कष्टाची होती.

१९३१ साली भारतात बोलपटाचे युग सुरू झाले. पडद्यावरची चित्रे बोलू लागली, गाऊ लागली. त्याच वर्षी ‘फरेबी जाल’ या चित्रपटात एक लहानसे काम करण्याविषयी दुर्गाबाईंना विचारणा झाली. त्या वेळी त्यांचे वय २६ वर्षांचे होते. नाटकसिनेमात जाणारे नटनटी बहुधा बालपणापासूनच रंगभूमीवर वावरलेले असत. दुर्गाबाईंना या कलेचे कसलेच शिक्षण मिळालेले नव्हते. तरीही चार पैसे मिळतील आणि मुलांचे पोट भरेल, एवढ्याच विचाराने त्यांनी ते काम पत्करले.

चित्रपट प्रसिद्ध झाला आणि दुर्गाबाईंवर जणू आकाश कोसळले. चित्रपट हलक्या प्रतीचा निघाला. त्यांची भूमिका अगदी थोडी होती, बाकीच्या कथेत काय आहे याची त्यांना कल्पनाही नव्हती. परंतु जाहिरातींतून मात्र लाडांची कन्या आणि खोट्यांची सून म्हणून त्यांच्या नावाचा डांगोरा पिटला गेला. चित्रपटात काम करणे हेच मुळी कुलीन स्त्रीला कमीपणाचे, असे मानणारा तो काळ. चोहोंकडून टीका होऊ लागली. माहेरच्या आणि सासरच्या माणसांना खाली पाहावे लागले. दुर्गाबाईंच्या मनाला ही गोष्ट फार लागली. पुन्हा त्या वाटेला जाऊ नये, असे कोणालाही अशा वेळी वाटणे स्वाभाविक होते.

याच सुमारास कोल्हापूरच्या प्रभात फिल्म कंपनीत ‘अयोध्येचा राजा’ या बोलपटाची तयारी चालली होती. दिग्दर्शक व्ही. शांताराम तारामतीच्या भूमिकेसाठी योग्य स्त्रीच्या शोधात होते. त्यांनी दुर्गाबाईंचे काम पाहिले. चित्रपट सामान्य असला, तरी त्यातील त्या उंच, तेजस्वी आणि घरंदाज चेहऱ्याच्या स्त्रीमध्ये त्यांना आपली राणी दिसली. त्यांनी दुर्गाबाईंना बोलावणे पाठवले. निर्णय सोपा नव्हता. एकदा पोळलेले मन पुन्हा विस्तवाजवळ जावयास धजत नाही. घरी बसावे, तर लागलेला बट्टा तसाच राहणार. पुढे जावे, तर आणखी निंदा पदरी येण्याचे भय. अखेर दुर्गाबाईंनी धैर्य केले. ज्या कामामुळे मान खाली गेली, तेच काम उत्तम करून ती पुन्हा उंच करावयाची, हा मार्ग त्यांनी निवडला.

कोल्हापूरला त्यांची खरी परीक्षा झाली. त्या काळी पार्श्वगायनाची सोय नव्हती. ज्याची भूमिका त्यानेच कॅमेऱ्यापुढे उभे राहून गावयाचे, असा प्रकार होता. शिवाय हा चित्रपट मराठी आणि हिंदी अशा दोन भाषांत तयार होत असल्यामुळे प्रत्येक भाषेतील संवाद निराळे पाठ करावे लागत. हरिश्चंद्राच्या भूमिकेत गोविंदराव टेंबे यांच्यासारखे नाणावलेले संगीतज्ञ होते. चित्रपटाचे संगीतही त्यांचेच होते. अशा जाणत्या मंडळींबरोबर उभे राहावयाचे, तर परिश्रमाला पर्याय नव्हता. चालणे, बोलणे, पाहणे, गाणे, सारे काही दुर्गाबाईंनी विद्यार्थिनीच्या वृत्तीने शिकून घेतले.

१९३२ साली ‘अयोध्येचा राजा’ प्रदर्शित झाला. मराठीतील पहिला बोलपट म्हणून त्याचे नाव इतिहासात नोंदले गेले. राजवैभव सोडून वनवास पत्करणारी आणि पुत्रवियोगाने व्याकूळ होणारी तारामती पाहून प्रेक्षकांचे डोळे पाणावले. स्वतः वैभवाचा अस्त पाहिलेल्या आणि मुलांसाठी झटणाऱ्या मातेला तारामतीचे दुःख निराळे शिकावे लागले नसेल. ज्या समाजाने काल नावे ठेवली होती, तोच समाज आज त्यांचे कौतुक करू लागला.

यानंतर दुर्गाबाईंनी मागे वळून पाहिले नाही. त्याच वर्षी ‘मायामच्छिंद्र’ या चित्रपटात त्यांनी करारी राणीची भूमिका केली. कलकत्त्यास जाऊन देवकी बोस यांच्या दिग्दर्शनाखाली त्यांनी ‘राजरानी मीरा’ आणि ‘सीता’ या चित्रपटांत कामे केली. १९३४ सालचा ‘सीता’ हा चित्रपट इटलीतील व्हेनिस येथील चित्रपट महोत्सवात दाखवला गेला. १९३६ साली आलेल्या ‘अमर ज्योती’ मध्ये त्या सौदामिनी झाल्या. अन्यायाविरुद्ध बंड करून समुद्रावर सत्ता गाजवणारी ही चाचेनायिका पाहून प्रेक्षक थक्क झाले. हाही चित्रपट व्हेनिसला गेला.

त्या काळी नटनटी एकाच कंपनीत मासिक पगारावर बांधलेल्या असत. दुर्गाबाईंनी मात्र कोणा एका कंपनीचे बंधन न घेता निरनिराळ्या कंपन्यांत आपल्या पसंतीची कामे स्वीकारली. चित्रनिर्मितीतही त्या उतरल्या. स्त्रीने व्यवहार पाहू नये, असे मानणाऱ्या काळात त्यांनी व्यवहारही चोख पाहिला.

वय वाढू लागले, की पुष्कळ अभिनेत्री उदास होतात. पण दुर्गाबाईंनी वयाशी भांडण मांडले नाही. १९४१ साली आचार्य अत्रे यांच्या ‘पायाची दासी’ मध्ये त्यांनी सुनेला छळणारी कजाग सासू रंगवली. पुढील वर्षी ‘भरत मिलाप’ मध्ये त्या कैकेयी झाल्या. सोज्ज्वळ तारामती रंगवणारी अभिनेत्री दुष्ट सासूही तितक्याच ताकदीने उभी करते, हे पाहून रसिकांनी त्यांना धन्यवाद दिले. १९६० साली प्रदर्शित झालेल्या ‘मुघल-ए-आझम’ मधील त्यांची जोधाबाई तर अविस्मरणीय ठरली. एकीकडे पती सम्राट अकबर, दुसरीकडे पुत्र सलीम. या दोघांच्या संघर्षात होरपळणारे मातेचे हृदय त्यांनी मोजक्या शब्दांत प्रकट केले. यातील अकबर म्हणजे पृथ्वीराज कपूर. ‘सीता’ चित्रपटात तेच राम झाले होते.

चित्रपटाइतकीच मराठी रंगभूमीचीही त्यांनी सेवा केली. मुंबई मराठी साहित्य संघाच्या नाट्यप्रयोगांत त्यांनी मोठ्या हौसेने भाग घेतला. ‘भाऊबंदकी’ मधील आनंदीबाई आणि शेक्सपिअरच्या ‘मॅकबेथ’ वरून वि. वा. शिरवाडकर यांनी लिहिलेल्या ‘राजमुकुट’ मधील राणी या त्यांच्या भूमिका गाजल्या. पुढे त्यांनी स्वतःची संस्था काढून अनेक लघुपट आणि जाहिरातपट तयार केले. पुत्र हरिन ऐन उमेदीत मृत्यू पावला. मातेच्या हृदयावर हा केवढा घाव! परंतु तो घाव सोसून त्या आपल्या कामात उभ्या राहिल्या.

गुणांची कदर झाल्यावाचून राहिली नाही. १९५८ साली त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. १९६८ साली भारत सरकारने ‘पद्मश्री’ देऊन त्यांचा गौरव केला. १९८३ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना देण्यात आला. ज्या फाळक्यांना तारामतीसाठी एकही स्त्री मिळाली नव्हती, त्यांच्याच नावाचा सर्वोच्च सन्मान बोलपटातील तारामतीला लाभावा, हा योग किती सुंदर! ‘मी दुर्गा खोटे’ या आत्मचरित्रात त्यांनी आपली जीवनकहाणी सांगितली आहे. २२ सप्टेंबर १९९१ रोजी त्यांचे निधन झाले. २०१३ साली भारतीय टपाल खात्याने त्यांचे चित्र असलेले तिकीट काढले.

दुर्गाबाईंनी अभिनयास आरंभ केला तो हौसेने नव्हे, तर गरजेने. आणि तोही संसारात पडल्यानंतर. पहिल्याच पावलाला ठेच लागली. पण ठेच लागली म्हणून त्यांनी वाट सोडली नाही. जपून आणि ताठ मानेने त्या पुढे चालत राहिल्या. त्यांच्यामागून अनेक सुशिक्षित मुली निर्भयपणे या क्षेत्रात आल्या. कोणतेही काम मुळात हलके नसते. ते करणाऱ्याची निष्ठा त्याला थोरपण देते, हेच दुर्गाबाईंच्या जीवनाने दाखवून दिले.