आडनाव लपवून मोठी झालेली सिमोन

इन्स्टावरचं नाव बदलायला तुम्हाला किती वेळ लागतो? फार तर दोन मिनिटं. सिमोनला मात्र आडनाव बदलावं लागलं, ते पोटापाण्यासाठी आणि जिवाच्या भीतीने.

सिमोन कामिन्केर १९२१ साली जर्मनीत जन्मली, वाढली पॅरिसजवळ. वडील ज्यू, पेशाने दुभाषी. १९४० मध्ये नाझी फौजा पॅरिसमध्ये शिरल्या आणि वडील इंग्लंडला निघून गेले. घरात आई, दोन धाकटे भाऊ. कमावणार कोण? सिमोनने एका वर्तमानपत्रात टायपिंग केलं, पण ते जर्मनांची तळी उचलणारं. ती नोकरी सोडून ती सिनेमाकडे वळली. तिथे ज्यू बापाच्या मुलीला कामाचा परवाना कुठला मिळायला! मग आईचं माहेरचं आडनाव लावून तिने गर्दीतल्या फुटकळ भूमिका केल्या. सिमोन सिन्योरे हे नाव असं आलं.

युद्धानंतर तिचे दिवस पालटले. १९५२ चा ‘कास्क दोर’ आणि १९५५ चा ‘ले दियाबोलिक’ गाजला. ‘रूम अ‍ॅट द टॉप’ या ब्रिटिश सिनेमासाठी १९६० मध्ये तिला ऑस्कर मिळालं. तेव्हा ती ३९ वर्षांची होती.

पण खरी भारी गोष्ट पुढे आहे. वय झालं तसं तिने ते झाकलं नाही. सुरकुत्या, वाढलेलं वजन, सगळ्यासकट ती कॅमेऱ्यासमोर उभी राहिली. १९७७ च्या ‘मादाम रोझा’मध्ये तिने आउश्वित्झमधून वाचलेली थकलेली ज्यू म्हातारी रंगवली आणि सेझार पुरस्कार मिळवला. त्याच्या आदल्या वर्षी तिचं आत्मचरित्र आलं, तुफान खपलं. शेवटी दृष्टी जवळपास गेली, तरी १९८५ मध्ये तिची ‘अद्यू व्होलोद्या’ ही जाडजूड कादंबरी आली. विषय काय, तर पॅरिसमध्ये आसरा घेतलेली ज्यू कुटुंबं. जे आडनाव एकेकाळी लपवावं लागलं, तशाच आडनावांच्या माणसांची गोष्ट! त्याच सप्टेंबरमध्ये ती गेली.

आणि हो, तुमच्या प्लेलिस्टमध्ये नीना सिमोन आहे? १९५४ मध्ये बारमध्ये गाते हे आईला कळू नये म्हणून युनिस वेमन या अमेरिकन मुलीने नाव बदललं. त्यातलं ‘सिमोन’ तिने आपल्या या सिमोनकडूनच घेतलं. आज रात्री तिचं एखादं गाणं लावा आणि वीकेंडला ‘ले दियाबोलिक’ बघा. फक्त शेवट कुणाला सांगू नका!