कै. दादासाहेब फाळके आणि वाटाण्याचा अंकुर

वाशीच्या एपीएमसी मार्केटातील दाणाबाजारात वाटाण्याच्या गोण्यांची चढउतार नित्य चालते. आपल्या कित्येक सभासदबंधूंच्या हातांखालून तो वाटाणा जातो. परंतु शंभरांहून अधिक वर्षांपूर्वी याच वाटाण्याने एका कर्तृत्ववान पुरुषाची पत उभी केली, ही हकिकत फार थोड्यांस ठाऊक असेल. तो पुरुष म्हणजे भारतीय चित्रपटाचे जनक कै. धुंडिराज गोविंद ऊर्फ दादासाहेब फाळके.

दादासाहेबांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वरी झाला. मुंबईचे जे. जे. कलाविद्यालय व बडोद्याचे कलाभवन येथे त्यांनी चित्रकला, छायाचित्रण इत्यादी विद्या संपादन केल्या. जादूचे प्रयोगही ते शिकले. गोध्रा येथे छायाचित्रणाचा व्यवसाय थाटला असता प्लेगने त्यांची प्रथम पत्नी व अपत्य हिरावून नेले. पुढे मुंबईत ख्रिस्तचरित्राचा चित्रपट पाहून त्यांच्या मनाने ध्यास घेतला, की आपल्या देवादिकांची चरित्रे अशीच पडद्यावर अवतरली पाहिजेत. अहोरात्र अभ्यासाने दृष्टी जाण्याची वेळ आली. औषधोपचारांनी ती परत लाभली. विम्याची पॉलिसी गहाण टाकून १९१२ साली ते लंडनला गेले आणि कॅमेरा खरेदी करून परतले.

यंत्र आले, परंतु भांडवल कोठून यावे? न पाहिलेल्या धंद्यात पैसा कोण घालणार? तेव्हा दादासाहेबांनी कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा अचल बसविला, आणि दिवसामागून दिवस ठरावीक अंतराने एकेक चित्र टिपले. त्या काळी पडद्यावरील एका सेकंदास सुमारे सोळा चित्रे लागत. म्हणजे अनेक दिवसांची वाढ काही क्षणांत उलगडे. बी फुटले, कोंब वर आला, वेल डोलू लागला! ‘अंकुराची वाढ’ या नावाचा हा चित्रपट पाहून स्नेह्यांचा विश्वास बसला व कर्ज मिळाले. सौ. सरस्वतीबाईंनी आपले दागिने पुढे केले. फिल्मला छिद्रे पाडण्यापर्यंतची कामे त्यांनी हौसेने केली.

यातूनच ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कॉरोनेशनमध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ प्रेक्षकांसमोर आला. ‘लंकादहन’ (१९१७) व ‘कालियामर्दन’ (१९१९) यांतील चमत्कारदृश्यांनी लोक थक्क झाले. आगकाड्या नाचविणारा ‘आगकाड्यांची मौज’ आणि चित्रपट कसे तयार करतात हे दाखविणारा बोधपटही त्यांनी काढला.

बोलपटांच्या युगात त्यांचे वैभव ओसरले. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथे, जगाच्या विस्मृतीत, त्यांचे देहावसान झाले. १९६९ पासून भारत सरकार त्यांच्या नावे चित्रपटक्षेत्रातील सर्वोच्च पुरस्कार देत आहे.

असो. व्यापार असो वा कला, पत एका दिवसात उगवत नाही; तिला अंकुराप्रमाणे रोज जपावे लागते. आपल्या तरुणांनी या धीमेपणाचे स्मरण ठेवावे, हीच त्या थोर कलावंतास खरी आदरांजली होय.