ज्याने सिलिकोनला नाव दिलं, त्यालाच वाटायचं की याचा काही उपयोग होणार नाही

पेणमध्ये किंवा शेजारच्या हमरापूर, जोहे भागात गणपतीचा कारखाना कधी आतून बघितलाय का? बघितला असेल तर साचा सोलायचं काम तुमच्या लक्षात राहिलं असेल. बाहेरचं कडक कवच बाजूला करायचं आणि आतला रबराचा साचा केळ्याच्या सालीसारखा उलटा सोलत काढायचा. सोंडेचा वळसा, बोटांची पेरं, मुकुटावरची नक्षी, सगळं जसंच्या तसं बाहेर येतं. कडक साच्यात अशी मूर्ती अडकून बसली असती. साच्यांसाठी जी रबरं वापरतात त्यातलं एक म्हणजे सिलिकोन रबर. दोन घटक मिसळायचे, ओतायचे, काही तासात ते आपोआप घट्ट होतं आणि कशाला सहसा चिकटत नाही.

आता पेणहून रेल्वेने रोह्याला या. इथे धाटावच्या एमआयडीसीत रसायनांचे कारखाने आहेत. कुठल्याही रसायनाच्या कारखान्यात एक डोकेदुखी ठरलेली असते, ती म्हणजे फेस. टाकीत फेस वर आला की माल बाहेर. तो बसवण्यासाठी जगभर जी फेसनाशकं वापरली जातात, त्यातली बरीचशी सिलिकोनचीच असतात. काही थेंब पुरतात.

म्हणजे एकीकडे रबर, दुसरीकडे तेलासारखा द्रव आणि नाव एकच. त्यात आपल्याकडे आणखी एक घोळ आहे. दुकानदार, कारागीर, बातम्या, सगळेच या वस्तूला सिलिकॉन म्हणतात. सिलिकॉन व्हॅलीतलं सिलिकॉन वेगळं आणि साच्यातलं सिलिकोन वेगळं. काना-मात्रेएवढाच फरक, पण वस्तूत जमीन-अस्मानाचा.

हा फरक ज्याच्यामुळे जन्माला आला त्या माणसाचं नाव फ्रेडरिक स्टॅनली किपिंग.

किपिंगचा जन्म १८६३ चा, मँचेस्टरचा. वडील बँकेत अधिकारी. मँचेस्टरलाच ओवेन्स कॉलेजमध्ये शिक्षण झालं आणि पोरगं गॅस कंपनीत केमिस्ट म्हणून नोकरीला लागलं. तिथेच राहिला असता तर आज त्याचं नाव कुणाला माहीत नसतं. पण १८८६ साली त्याने जर्मनी गाठली. म्युनिकमध्ये अडॉल्फ फॉन बायर या रसायनशास्त्रातल्या मोठ्या गुरुजींची प्रयोगशाळा होती. तिथे त्याला भेटला विल्यम हेन्री पर्किन (धाकटा). थोरला पर्किन म्हणजे ज्याने पहिला कृत्रिम जांभळा रंग शोधला तो, याचे वडील.

किपिंग आणि पर्किन यांची गट्टी जमली ती कायमचीच. दोघांनी मिळून कार्बनी रसायनशास्त्राचं पाठ्यपुस्तक लिहिलं, ते १८९४ साली आलं आणि पुढे कित्येक वर्षं विद्यार्थ्यांच्या हातात राहिलं. मैत्री घरापर्यंतही पोहोचली. हॉलंड घराण्यातल्या तीन बहिणींपैकी एक किपिंगची बायको, दुसरी पर्किनची आणि तिसरी आर्थर लॅपवर्थ नावाच्या आणखी एका नामवंत केमिस्टची. तिघे साडू, तिघेही रसायनशास्त्रज्ञ. त्या घरातल्या सणाच्या पंगतीत काय विषय निघत असतील याचा अंदाज करा.

एडिंबरा, मग लंडन असं करत किपिंग १८९७ साली नॉटिंगहॅमच्या युनिव्हर्सिटी कॉलेजमध्ये प्राध्यापक झाला. त्याच वर्षी रॉयल सोसायटीचा फेलोही झाला. तेव्हा वयाची पस्तिशीही उलटलेली नव्हती. पुढे १९३६ साली निवृत्त होईपर्यंत गड्याने नॉटिंगहॅम सोडलं नाही.

इथून सिलिकॉनचा विषय सुरू होतो.

सिलिकॉन हे मूलद्रव्य. वाळूत, गारेत, दगडात असतं. नाव आलंय लॅटिनमधल्या सायलेक्स या शब्दावरून, त्याचा अर्थ गारगोटी. शेवटचा ऑन हा कार्बन आणि बोरॉन यांच्या पंगतीत बसावं म्हणून १८१७ साली थॉमस थॉमसन या स्कॉटिश शास्त्रज्ञाने लावलेला. आवर्तसारणीत सिलिकॉन बरोबर कार्बनच्या खाली बसतं. कार्बनला चार हात, सिलिकॉनलाही चार हात. मग कार्बन जे जे करतं ते सिलिकॉन करेल का, हा प्रश्न त्या काळच्या केमिस्ट लोकांना सतावत होता.

किपिंगला त्यातलीही एकच गोष्ट हवी होती. कार्बनच्या चार हातांना चार वेगवेगळे गट जोडले की त्या रेणूचे डावा आणि उजवा असे दोन अवतार होतात, आपल्या दोन तळहातांसारखे. सिलिकॉनमध्येही असं होतं का? १८९९ च्या सुमारास त्याने हे काम हातात घेतलं. १९०४ पासून फ्रान्सच्या ग्रिन्यारने शोधलेलं नवं अभिकर्मक तो वापरायला लागला आणि सिलिकॉनला कार्बनचे गट जोडणं एकदम सोपं झालं. १९०७ मध्ये त्याने डावं-उजवं सिलिकॉन करूनही दाखवलं. त्याच्या दृष्टीने हा त्याच्या आयुष्यातला मोठा विजय होता. आज हे काम फक्त अभ्यासकांना आठवतं.

जगाला आठवतं ते त्याने जाता जाता ठेवलेलं एक नाव.

नेलपॉलिश काढायला वापरतात ते ॲसिटोन तुम्हाला माहीत असेल. ते कीटोन नावाच्या कुटुंबातलं. या कुटुंबाची खूण म्हणजे कार्बन आणि ऑक्सिजन एकमेकांना दोन हातांनी धरून असतात. नावाच्या शेवटी येणारा ओन तिथलाच. बेंझोफेनोन हा असाच एक कीटोन. किपिंगच्या हातात जो पदार्थ आला होता त्याचा फॉर्म्युला कागदावर मांडला तर हुबेहूब बेंझोफेनोनसारखा दिसायचा, फक्त कार्बनच्या जागी सिलिकॉन. म्हणून १९०१ मध्ये त्याने नाव दिलं सिलिकोकीटोन. तेच आखडून झालं सिलिकोन.

पण वस्तू वेगळीच निघाली. बेंझोफेनोनचे रेणू सुटे सुटे असतात, छान स्फटिक होतात. सिलिकॉनला मात्र ऑक्सिजनला असं दोन हातांनी धरून बसणं जमत नाही. ते एका हाताने एक ऑक्सिजन धरतं, दुसऱ्या हाताने दुसरा, त्या ऑक्सिजनचा दुसरा हात पुढच्या सिलिकॉनकडे. झाली साखळी तयार. सिलिकॉन, ऑक्सिजन, सिलिकॉन, ऑक्सिजन अशी लांबच लांब.

इथे किपिंग फसला आणि त्याने चुकीचं नाव ठेवलं, असं सरसकट सांगितलं जातं. ते त्याच्यावर अन्याय करणारं आहे. आपला पदार्थ बेंझोफेनोनसारखा सुटा नाही, अनेक तुकडे जोडून झालेला आहे, हे त्याला कळलं होतं आणि त्याने ते लिहिलंही. नाव फॉर्म्युल्यावरून पडलेलं होतं, आतल्या रचनेवरून नाही. पण नाव एकदा चिकटलं की चिकटलं. बारशाला ठेवलेलं नाव बाजूला राहतं आणि बाळूचा बाळूच म्हातारा होतो, तसं.

चिकटण्यावरून आठवलं. या लांब साखळ्यांचा किपिंगला मनस्ताप होता. त्याला हवे असायचे स्वच्छ स्फटिक, ज्यांचं वजन करता येईल, वितळण्याचं तापमान मोजता येईल. आणि भांड्याच्या तळाशी मिळायचा डिंकासारखा चिकट गोळा. त्या काळात केमिस्टच्या लेखी असा चिकटा म्हणजे फसलेला प्रयोग. लांब साखळीचे रेणू खरोखर असतात हे पटायलाच रसायनशास्त्राला १९२० नंतरचा काळ लागला.

इथे रोह्याचा एक धागा लागतो. १९१५ साली रोह्यात वाढलेले एक हुशार विद्यार्थी शिकायला केंब्रिजला गेले आणि तिथे त्यांनी वनस्पतिशास्त्र, भूगर्भशास्त्राबरोबर रसायनशास्त्रही घेतलं. ते म्हणजे चिंतामणराव देशमुख, पुढे रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर आणि देशाचे अर्थमंत्री. ते केंब्रिजला रसायनशास्त्र शिकत होते तेव्हा नॉटिंगहॅममध्ये किपिंग आपल्या चिकट गोळ्यांशी झगडत होता. ज्या रोह्यातून ते गेले, तिथे पुढे रसायनांची एमआयडीसी उभी राहील हे तेव्हा कुणाच्या डोक्यातही नव्हतं.

किपिंगने हा झगडा चाळीसहून जास्त वर्षं चालवला. सिलिकॉनच्या संयुगांवर पन्नासहून जास्त शोधनिबंध लिहिले. १९१८ मध्ये रॉयल सोसायटीचं डेव्ही पदक मिळालं. बूट्स या औषधविक्रीच्या मोठ्या कंपनीचे एकेकाळचे मालक जेसी बूट यांच्या नावाचं अध्यासन नॉटिंगहॅमला सुरू झालं, तेव्हा १९२८ मध्ये त्यावर बसणारा पहिला माणूस किपिंगच होता.

आणि मग १९३६ साल आलं. रॉयल सोसायटीच्या मानाच्या बेकेरियन व्याख्यानासाठी त्याला बोलावलं. आयुष्यभराच्या कामाचा हिशेब मांडायची जागा. तिथे त्याने सांगितलं की या विषयात नजीकच्या काळात काही मोठी प्रगती होईल अशी आशा दिसत नाही. वय ७३, निवृत्तीचं वर्ष, आणि स्वतःच्या विषयाबद्दल हे मत. खोटा आशावाद दाखवणं त्याच्या स्वभावात नसावं.

गंमत म्हणजे तेव्हा अमेरिकेत त्याचेच निबंध उघडून कुणीतरी बसलं होतं. कॉर्निंग ही काचेची कंपनी. तिला काच आणि प्लॅस्टिक यांच्या मधलं काहीतरी हवं होतं, काचेसारखं उष्णता सोसणारं आणि प्लॅस्टिकसारखं वाकणारं. फ्रँकलिन हाइड हा त्यांचा केमिस्ट. किपिंगने जो चिकटा कटकट समजून बाजूला ठेवला, तोच हाइडला हवा होता. पाठोपाठ जनरल इलेक्ट्रिकमध्ये युजीन रोखॉ कामाला लागला. मे १९४० मध्ये त्याने सिलिकॉनवरून मिथाइल क्लोराइडचा वायू तांब्याच्या मदतीने सोडला आणि सिलिकोनचा कच्चा माल थेट मिळवला. ग्रिन्यारची महागडी वाट सुटली. आजही कारखाने मुळात याच पद्धतीने चालतात.

तोवर दुसरं महायुद्ध पेटलेलं होतं. उंचावर गेलेल्या विमानांच्या इंजिनात ठिणगीची वीज भलतीकडेच निसटायची. सिलिकोनच्या लेपाने ते थांबलं. १९४३ मध्ये डाऊ कॉर्निंग ही खास सिलिकोनसाठीची कंपनी निघाली. किपिंग तेव्हा हयात होता. १९४९ साली वेल्समधल्या क्रिकेथ गावी, ८५ व्या वर्षी तो गेला. त्यानंतर वीसच वर्षांनी माणूस चंद्रावर उतरला, तेव्हा अंतराळवीरांच्या बाहेरच्या बुटांचे तळवे सिलिकोन रबराचे होते.

आता तुमच्या घरातलं बघू. शास्त्रज्ञ आज या कुटुंबाला सिलोक्सेन म्हणतात, कारण त्यात सिलिकॉन आणि ऑक्सिजन दोघांचीही हजेरी लागते. त्यातला सगळ्यात चालणारा पदार्थ पॉलिडायमिथाइलसिलोक्सेन. नाव फोडलं की भीती जाते. पॉली म्हणजे अनेक, डायमिथाइल म्हणजे प्रत्येक सिलिकॉनला मिथाइलचे दोन गट आणि सिलोक्सेन म्हणजे ती साखळी. शाम्पूच्या बाटलीवर हाच डायमेथिकोन या नावाने असतो. त्यात थोडी सिलिका मिसळली की झालं सिमेथिकोन, पोटातल्या गॅसच्या गोळीवर छापलेलं असतं ते. गोळी पोटात जे करते तेच फेसनाशक कारखान्याच्या टाकीत करतं, बुडबुडे फोडतं. खाद्यतेलाच्या पिशवीवर आयएनएस ९००ए असं दिसलं तर तेही हेच, तळताना फेस येऊ नये म्हणून अगदी थोड्या प्रमाणात.

डायमेथिकोन, सिमेथिकोन या नावांत किपिंगचा तो ओन शिल्लक आहे. सिलोक्सेन हे जास्त बरोबर नाव असूनही हार्डवेअरच्या दुकानात खिडकीच्या काचेला लावायची ट्यूब मागताना कुणी सिलोक्सेन द्या म्हणत नाही. ती लावताना व्हिनेगरसारखा आंबट वास येतो ना, तो साखळ्या एकमेकींना जोडल्या जात असताना सुटणाऱ्या ॲसिटिक ॲसिडचा.

तेव्हा मोबाईलच्या चिपमध्ये, सोलर पॅनलमध्ये असतं ते सिलिकॉन, शेवट कार्बनसारखा. साच्यात, ट्यूबमध्ये, शाम्पूत, केकच्या लवचीक भांड्यात असतं ते सिलिकोन, शेवट ॲसिटोनसारखा. पेणच्या कारखान्यात जाऊन सिलिकॉन रबर म्हणालात तरी कारागिराला कळेल आणि तो बरोबर तीच बादली पुढे करेल.

अमेरिकन केमिकल सोसायटी सिलिकॉनच्या रसायनशास्त्रात मोठं काम करणाऱ्यांना एक पुरस्कार देते. त्याला नाव फ्रेडरिक स्टॅनली किपिंगचं आहे.