चित्रपटाने गमावलेले पु. ल.

पु. ल. देशपांडे हे नाव उच्चारताच मराठी वाचकाला ‘बटाट्याची चाळ’ आणि ‘व्यक्ती आणि वल्ली’ आठवतात. मात्र या लेखकाने उमेदीची काही वर्षे चित्रपटासाठी वेचली होती, याचे स्मरण सहसा होत नाही. त्या अध्यायाचा अकाली शेवट ही मराठी चित्रपटाची मोठी हानी होय.

८ नोव्हेंबर १९१९ रोजी मुंबईत जन्मलेल्या पु. लं.नी कारकुनी केली, अध्यापन केले. १९४७ साली ‘कुबेर’मधून ते पडद्यावर आले. राम गबाले यांच्या ‘वंदे मातरम्’मध्ये पत्नी सुनीताबाईंसह त्यांनी भूमिका केली. राजा परांजपे यांच्या ‘पुढचं पाऊल’ची पटकथा त्यांनी ग. दि. माडगूळकरांसमवेत लिहिली, ‘देवबाप्पा’ला संगीत दिले. १९५३ च्या ‘गुळाचा गणपती’त तर कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन आणि नायकाची भूमिका हा सारा भार त्यांनी एकट्याने पेलला. गीतांसाठी तेवढे माडगूळकर होते. साध्याभोळ्या नायकाची ती कथा आजही तितकीच प्रसन्न वाटते.

यानंतर त्यांनी एकही चित्रपट दिग्दर्शित केला नाही. तो काळच मराठी चित्रपटाला प्रतिकूल होता. ‘प्रभात’सारखी संस्था त्याच सुमारास बंद पडली. लेखक-दिग्दर्शकांना मासिक वेतनावर पोसणारी व्यवस्था मोडली आणि प्रत्येक चित्रपट हा तुटपुंज्या भांडवलावरचा स्वतंत्र जुगार ठरू लागला. अशा व्यवसायात अष्टपैलुत्व हा गुण न राहता काटकसरीचा उपाय होऊन बसतो.

१९५५ साली पु. ल. आकाशवाणीत रुजू झाले. पुढे ब्रिटनमध्ये बीबीसीत त्यांनी प्रशिक्षण घेतले. सप्टेंबर १९५९ मध्ये दिल्लीत प्रायोगिक दूरचित्रवाणी सुरू झाली, तेव्हा त्या आरंभीच्या कार्यक्रमांच्या निर्मितीत ते होते. या नव्या माध्यमावर पंतप्रधान नेहरूंची पहिली मुलाखत घेण्याचा मानही त्यांचाच. मुंबईत दूरचित्रवाणी केंद्र निघण्यास १९७२ साल उजाडावे लागले, हे ध्यानी घेतले म्हणजे त्यांच्या कार्याचे अग्रेसरत्व पटते.

तब्बल चार दशकांनी, १९९२ साली, जब्बार पटेल यांच्या ‘एक होता विदूषक’साठी त्यांनी पुन्हा पटकथा लिहिली. तमाशातला सोंगाड्या कीर्तीच्या आणि राजकारणाच्या मागे धावताना आपले हसू हरवून बसतो, ही त्या चित्रपटाची व्यथा. उत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार त्याला लाभला. मधल्या चाळीस वर्षांत काय घडू शकले असते, याचे ते उत्तर होते.

१२ जून २००० रोजी पु. लं.चे पुण्यात निधन झाले. रंगभूमी आणि साहित्य यांनी त्यांना आपले मानले, हे महाराष्ट्राचे भाग्यच. परंतु गुणी माणूस सापडणे हा योगायोग असतो. त्याला टिकवून धरणे ही समाजाची जबाबदारी असते. पटकथाकाराला स्थैर्य आणि मान देण्याची व्यवस्था नसेल, तर पुढचे पु. ल.ही एक-दोन चित्रपट करून निघून जातील, आणि मग त्यांच्या गौरवाचे सोहळे करण्यापलीकडे आपल्या हाती काही उरणार नाही.