राजनांदगावची गाडी

आजचे वाचन : प्रेषितांची कृत्ये 8:26-40



आजच्या वाचनात कूशी अधिकारी रथात बसून शास्त्र वाचत चालला आहे. फिलिप्प त्याला भेटतो, ते मंदिरात किंवा घरी नाही, तर गज्जाच्या रस्त्यावर. अशीच एक वाटेवरची भेट आपल्या नागपूरच्या रुळांवर झाली आहे.

कळमना म्हटलं की आपल्याला संत्र्याचा बाजार आठवतो. पण कळमन्यावरून पूर्वेला जाणारे रूळ कामठी, गोंदिया, डोंगरगड करत राजनांदगावला पोहोचतात. 1893 साली नागपूरहून राजनांदगावला निघालेल्या गाडीत एक तिशीतला माणूस बसला होता. तो म्हणजे कवी नारायण वामन टिळक.

टिळकांचा जन्म 1861 साली कोकणातल्या करजगावचा. लहानपणीच आई गेली. नाशिकला संस्कृत शिकले, लक्ष्मीबाईंशी लग्न झाले. पण एका गावी पाय टिकेना. नागपुरात आप्पासाहेब बुटींच्या आश्रयाने संस्कृत ग्रंथांचे काम केले. तेही सुटले, म्हणून संस्थानात नोकरी शोधायला ते राजनांदगावला निघाले होते.

डब्यात अर्नेस्ट वॉर्ड नावाचे मिशनरी भेटले. गप्पा सुरू झाल्या त्या संस्कृत काव्यावर! उतरण्याआधी वॉर्ड साहेबांनी त्यांच्या हाती नवा करार दिला आणि दोन वर्षांत तुम्ही ख्रिस्ती व्हाल, असं सांगून टाकलं. टिळकांना ते पटलं नाही. पण वाचण्याचा शब्द दिला होता, तो त्यांनी पाळला. मत्तयाचा पाचवा, सहावा, सातवा अध्याय आला आणि पुस्तक खाली ठेववेना. दोन वर्षे पुरी व्हायच्या आत, 10 फेब्रुवारी 1895 रोजी, मुंबईत त्यांचा बाप्तिस्मा झाला.

आता नीट बघा. कूशी अधिकारी आनंद करीत आपल्या वाटेने गेला. टिळकांना तसं घरी जाता आलं नाही. नातलग तुटले. लक्ष्मीबाई लहानग्या दत्तूला घेऊन चार वर्षांहून अधिक काळ वेगळ्या राहिल्या. त्यांचे हाल कमी झाले नाहीत. विश्वासाची किंमत एकट्या टिळकांनी नाही मोजली, त्या बाईनेही मोजली, आणि तिला कोणी विचारलंही नव्हतं. हे आपण साक्ष सांगताना विसरतो. पुढे दोघे अहमदनगरकडे एकत्र आले. सुरुवातीला त्यांचं सोवळं वेगळं, स्वयंपाक वेगळा. हळूहळू त्यांच्या मनातली जातीची भिंत पडली, आणि 1900 साली त्यांनी स्वतःच्या मनाने बाप्तिस्मा घेतला.

टिळकांनी अभंगांतून ख्रिस्त मराठी केला. आपल्या उपासनेत आजही त्यांची गीते आहेत. 9 मे 1919 रोजी ते प्रभूकडे गेले तेव्हा 'ख्रिस्तायन' अपुरे राहिले होते. ते पुढे नेले कोणी? लक्ष्मीबाईंनीच! त्यांचे 'स्मृतिचित्रे' तर सारा महाराष्ट्र वाचतो.

साहित्यप्रेमी लोक कवींची गावं बघायला जातात. नाशिक बघतात, नगर बघतात. या भेटीच्या जागेला मात्र पाटी लावता येत नाही, कारण ती जागा धावत होती. तरी कळमन्यावरून राजनांदगावची गाडी रोज जाते. शेजारच्या बाकावर कोण बसलंय, आपल्याला काय माहीत?

मननासाठी : वॉर्ड साहेबांनी वाद घातला नाही. आधी समोरच्याच्या आवडीचं बोलले, मग पुस्तक दिलं. आपण कसं करतो? आणि माझ्या निर्णयाची किंमत माझ्या घरात कोण मोजतंय?

प्रार्थना : हे प्रभू, वाटेत भेटणाऱ्या माणसाशी प्रेमाने बोलायला मला शिकव. माझ्यामुळे ज्यांना सोसावं लागलं, त्यांना सांभाळ, आणि त्यांची वाट बघण्याचा धीर मला दे. येशूच्या नावाने मागतो. आमेन.